पंचाण्णव टक्के खाणारा तो चोर नव्हे

वाचकाचं पत्र

स.न.वि.वि. मी इंदूरला रामबागेत राहते. घरबसल्या लग्नपत्रिका, मुंजीच्या पत्रिका आणि गणेशोत्सवाच्या दिवसांत मंडळांच्या कार्यक्रमपत्रिका मराठीत टाइप करून, सजवून देते. लॅपटॉप आठ वर्षांचा आहे. चार जीबी रॅम, विंडोज १०. सकाळी सुरू केला की अर्धा तास हात लावू देत नाही. चहा, पोहे, देवपूजा सगळं उरकून येते तरी ते चक्र फिरतच असतं. दुपारी जेवायला उठले की पंखा जोरात घुरघुरतो आणि परत येऊन माऊस हलवला की गप्प होतो. आत कुणी बसलंय की काय, अशी भीती वाटते.

लॅपटॉपच्या आत काय काय चालू आहे ते दाखवणारा टास्क मॅनेजर उघडायला भाच्याने शिकवलं. लॅपटॉप अडकलेला असतानाच उघडला, तर आत शेदीडशे नावं! ‘सिस्टम आयडल प्रोसेस’ नावाचं एक ९५ टक्के खात होतं. बंद करायला गेले तर होईना. ‘सर्व्हिस होस्ट’ तर साठ वेळा. व्हायरसच असणार म्हणून एकेक बंद करत सुटले. काहीतरी इशारा आला, मी हो म्हटलं, आणि पडदा निळा पडून सगळं बंद झालं. एका मुंजीची अख्खी पत्रिका गेली, ती रात्री बसून पुन्हा केली. दुकानात नेला तर तिथल्या मुलाने झाकणही न उघडता सांगितलं, ‘आंटी, इसमें कुछ नहीं बचा, नया ले लो.’ भाच्याने फुकटचं एक ‘रॅम क्लीनर’ टाकून दिलंय. त्याने आकडा खाली येतो, लॅपटॉप तसाच. रोज रात्री मी तो नीट बंद करते. नवा घेणं सध्या जमणार नाही. काय करू?

उत्तर

ताई, सप्रेम नमस्कार.

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं, आणि दुसऱ्यांदा वाचताना ओळींखाली खुणा करत गेले. झाकण न उघडता ‘नया ले लो’ सांगणाऱ्या मुलाजवळ जेवढी माहिती होती, त्याच्या दसपट तुम्ही या पत्रात लिहिली आहे. नवा लॅपटॉप आत्ता घेऊ नका. हा का दमतो ते आधी बघू.

माझा आग्रह एकाच गोष्टीचा आहे. टास्क मॅनेजर फक्त मशीन बिघडल्यावर उघडला तर त्यातलं काही कळत नाही. धडधाकट असताना ज्याची नाडी कधी पाहिली नाही, त्याची तापातली नाडी आपल्याला काय सांगणार? तो रोज दोन मिनिटं उघडायचा, सगळं बरं चाललेलं असतानाही. आठ दिवस नुसतं बघायचं, काही बंद करत सुटायचं नाही.

आता त्या ९५ टक्क्यांचं. आयडल म्हणजे रिकामा. प्रोसेसर, म्हणजे लॅपटॉपचं हिशेब करणारं डोकं, त्या घडीला जितका मोकळा असतो तितका आकडा त्या नावापुढे येतो. तुम्हाला ९५ दिसलं, म्हणजे शंभरातले पंचाण्णव हिस्से प्रोसेसर हातावर हात ठेवून बसला होता आणि चाललेलं सगळं काम उरलेल्या पाचात भागत होतं. तो नेहमीसारखा प्रोग्रॅम नाहीच, मोकळ्या वेळेचं खातं आहे, म्हणून तुम्हाला ते बंद करता आलं नाही. तुम्ही ज्याला चोर समजलात ती शिल्लक होती.

पण तुमच्या हाती यातून एक मोठा पुरावा आला आहे. लॅपटॉप अडकलेला होता आणि त्याच वेळी प्रोसेसर रिकामा होता. म्हणजे प्रोसेसर कुणाची तरी वाट पाहत बसला होता. तुमच्या वर्णनाच्या मशीनमध्ये तो ज्याची वाट बघतो ते बहुतेक वेळा एकच असतं: डिस्क, म्हणजे विंडोज आणि तुमच्या फाइली जिथे साठवलेल्या असतात ती जागा.

हे स्वतःच्या डोळ्यांनी बघा. उद्या सकाळी लॅपटॉप सुरू झाला की कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकदम दाबा. छोटीशी खिडकी आली तर खालच्या ‘मोअर डिटेल्स’वर क्लिक करा. ‘प्रोसेसेस’ या पहिल्या टॅबवर सीपीयू (म्हणजे प्रोसेसर), मेमरी (म्हणजे रॅम, चालू काम हाताशी ठेवण्याची जागा), डिस्क, नेटवर्क असे मथळे दिसतील. ‘डिस्क’ या मथळ्यावर क्लिक केलं की सगळ्यात जास्त डिस्क वापरणारा सगळ्यात वर येतो. नावं इतकी उड्या मारतात की वाचायच्या आत खाली जातात, त्यावर उपाय आहे: कंट्रोलची कळ दाबून धरा. कळ दाबलेली असेपर्यंत यादी जागच्या जागी थांबते. शांतपणे वाचा, वहीत नाव लिहा, मग सोडा.

डिस्कच्या मथळ्यावर १०० टक्के किंवा त्याच्या आसपास आकडा दिसेल असा माझा अंदाज आहे. या शंभराचा अर्थ डिस्क भरली असा नाही. ती फार वेगाने पळते आहे, असाही नाही. शेजारच्या ‘परफॉर्मन्स’ टॅबवर जाऊन डावीकडच्या ‘डिस्क’वर क्लिक करा. तिथे ‘ॲक्टिव्ह टाइम’ १०० टक्के असेल, पण खाली वाचण्याचा वेग बघाल तर सेकंदाला एखाद-दोन एमबी. हीच डिस्क सलग मोठी फाईल वाचताना त्याच्या कितीतरी पट वेगाने चालते.

जुन्या दप्तरखान्यात एकच कारकून आहे असं समजा. एका फडताळातले ओळीने दहा रुमाल (कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे) आणा म्हटलं तर तो झटकन आणेल. पण एकाला पूर्वेच्या खोलीतला कागद हवा, दुसऱ्याला पश्चिमेच्या, तिसऱ्याला माळ्यावरचा, आणि सगळे एकदम ओरडताहेत, अशी वेळ आली तर तो दिवसभर धावेल आणि संध्याकाळी टेबलावर दहाच कागद असतील. क्षणभरही बसला नाही, म्हणून ॲक्टिव्ह टाइम १०० टक्के. काम मात्र झालेलं नाही. फिरत्या तबकडीच्या हार्ड डिस्कचं नेमकं हेच होतं. लॅपटॉपमधली अशी डिस्क बहुधा मिनिटाला ५,४०० फेरे घेते, म्हणजे एका फेऱ्याला ११ मिलिसेकंद. वाचणारी सुई आधी योग्य वर्तुळावर जायची आणि मग हवी ती जागा फिरून तिच्याखाली यायची. विखुरलेल्या जागा वाचायच्या असतील तर सेकंदाला साठ-सत्तर, फार तर शंभर. एसएसडी या नव्या प्रकारच्या डिस्कमध्ये काही फिरत नाही, सुई नाही, धावणारा कारकून नाही, त्यामुळे ती सेकंदाला हजारो जागा वाचते. तुमच्याकडे कोणती आहे ते त्याच पानावर ‘एचडीडी’ (फिरत्या तबकडीची) किंवा ‘एसएसडी’ असं लिहिलेलं सापडेल. विंडोज १० ची २०२० नंतरची आवृत्ती असेल तर ते दिसतं.

सकाळी या कारकुनाच्या मागे कोण लागतं? वहीत बहुधा ही नावं येतील: ‘अँटीमालवेअर सर्व्हिस एक्झिक्युटेबल’, तो विंडोजचा स्वतःचा पहारेकरी. ‘सर्च इंडेक्सर’, तुम्ही फाईल शोधाल तेव्हा पटकन सापडावी म्हणून आधीच सूची करून ठेवणारा. ‘विंडोज मॉड्यूल्स इन्स्टॉलर वर्कर’, अपडेट बसवणारा. ‘सिसमेन’, तुम्ही नेहमी वापरता ते प्रोग्रॅम आधीच मेमरीत आणून ठेवणारा. यातला एकही चोर नाही. एकेकटे आले तर तुम्हाला कळणारही नाही. सगळे एकाच वेळी, एकाच कारकुनाकडे आले की तुमचे पोहे गार होईपर्यंत चक्र फिरतं.

त्या गर्दीत आणखी बिनबोलावलेले पाहुणेही असतात आणि त्यांना मात्र आपण दारातच थांबवू शकतो. ‘स्टार्टअप’ टॅब उघडा. लॅपटॉप सुरू होताच आपोआप उठणाऱ्यांची ही यादी आहे, आणि ‘स्टार्टअप इम्पॅक्ट’च्या खाली कुणाचा भार किती ते ‘हाय’, ‘मीडियम’, ‘लो’ असं लिहिलेलं असतं. व्हिडिओ मीटिंगचं ॲप, भाच्याने कधीतरी टाकलेला खेळ, प्रिंटरचा अपडेट शोधणारा, गाण्यांचं ॲप, असे कोणी तिथे असतील तर त्यांना निवडून ‘डिसेबल’ करा. डिसेबल म्हणजे काढून टाकणं नव्हे. तुम्ही उघडाल तेव्हा ते उघडतील, फक्त आपणहून उठणार नाहीत. दोन-तीन गोष्टींना मात्र हात लावू नका: तुमचं मराठी टायपिंगचं सॉफ्टवेअर, आवाजाचं आणि टचपॅडचं. टायपिंगचं सॉफ्टवेअर तिथून बंद केलंत तर दुसऱ्या दिवशी पत्रिकेत ‘श्री’ उमटेना म्हणून घाबराल, आणि दोष बिचाऱ्या लॅपटॉपला द्याल.

‘रोज रात्री मी नीट बंद करते.’ तुमच्या पत्रातल्या या ओळीखाली मी दोन रेघा मारल्या. ‘परफॉर्मन्स’ टॅबवर ‘सीपीयू’ निवडा आणि खाली ‘अप टाइम’ असं लिहिलेलं शोधा. चार आकडे असतील: दिवस, तास, मिनिटं, सेकंद. तुम्ही रात्री बंद करून सकाळी सुरू केलात, तर तिथे तासाभराहून जास्त काही असू नये असं कुणालाही वाटेल. पण तिथे वीस-पंचवीस दिवस दिसले तर दचकू नका. २०१२ साली विंडोज ८ आलं तेव्हापासून ‘शट डाउन’चा अर्थ बदलला आहे. ‘फास्ट स्टार्टअप’ नावाची सोय चालू असेल तर शट डाउन करताना तुमचे प्रोग्रॅम बंद होतात, पण विंडोजचा आतला गाभा बंद होत नाही. तो जसा आहे तसा डिस्कवर उतरवून ठेवला जातो आणि सकाळी तिथून उचलला जातो. सुरुवात लवकर व्हावी हा हेतू. पण एखादा ड्रायव्हर (प्रिंटर, टचपॅड असे भाग चालवणारा छोटा प्रोग्रॅम) दहा दिवसांपूर्वी बिनसला असेल तर तो बिनसलेलाच रोज सकाळी परत येतो. ‘रीस्टार्ट’ केल्यावर मात्र सगळं खरोखर बंद होऊन नव्याने सुरू होतं. म्हणून आठवड्यातून एकदा, रविवारी म्हणा, शट डाउनऐवजी रीस्टार्ट करा. मी हे जेवढ्या लोकांना सांगितलं त्यातल्या कितीतरी जणांचं गाऱ्हाणं तिथेच मिटलं. तुमचं पूर्ण मिटेल असं मी म्हणत नाही, पण पहिलं पाऊल हेच.

मेमरीचा प्रश्न थोडा गुंतागुंतीचा आहे, कारण मेमरी अपुरी पडली की ती डिस्कच्या वेषात येते. चार जीबीतली दीड-दोन जीबी विंडोज स्वतः आणि त्याचे सोबतीच घेतात. त्यावर तुमचं डिझाइनचं सॉफ्टवेअर, आणि गणपतीची चित्रं, वेलबुट्टी शोधायला उघडलेल्या ब्राउझरचे पंधरा टॅब. क्रोम तर पुष्कळ टॅबना वेगवेगळी प्रोसेस (यादीत दिसणारं स्वतंत्र चालू काम) देतो, म्हणजे एक टॅब कोसळला तरी बाकीचे वाचतात. म्हणून यादीत त्याचं नाव पुन्हा पुन्हा दिसतं. कुठला टॅब जड आहे ते क्रोममध्येच शिफ्ट आणि एस्केप दाबलं की कळतं. हे सगळं चार जीबीत मावेना की विंडोज काही पानं (मेमरीतल्या माहितीचे छोटे तुकडे) मेमरीतून उचलून डिस्कवरच्या पेज फाईलमध्ये ठेवतं आणि लागली की परत आणतं. म्हणजे त्याच दमलेल्या कारकुनाच्या डोक्यावर आणखी एक पोतं. वरून डिस्क १०० टक्के दिसते, खरी ओरड मेमरीची असते.

दोन्हींतला फरक ओळखता येतो. ‘परफॉर्मन्स’ टॅबच्या तळाशी ‘ओपन रिसोर्स मॉनिटर’ असा दुवा आहे. त्यात ‘मेमरी’ टॅबवर ‘हार्ड फॉल्ट्स’चा रकाना बघा. नावात फॉल्ट असलं तरी तो बिघाड नव्हे. हवं ते पान मेमरीत नव्हतं, डिस्कवरून आणावं लागलं, अशा वेळा त्यात मोजलेल्या असतात. नवा प्रोग्रॅम उघडताना थोडे येणारच. पण तुम्ही नुसतं टाइप करताय, मेमरी ९० टक्क्यांच्या वर आहे आणि हा आकडा शेकड्यांत टिकून राहतो, तर रॅम कमी पडते आहे. मेमरी साठ-पासष्टवर आणि तरी डिस्क १०० असेल, तर रॅम वाढवून काही होणार नाही.

याच कारणाने ते ‘रॅम क्लीनर’ आजच काढून टाका. अशी बरीचशी सॉफ्टवेअर्स चालू प्रोग्रॅमची पानं जबरदस्तीने मेमरीबाहेर ढकलतात. आकडा खाली येतो, आपल्याला बरं वाटतं, आणि पुढच्याच क्षणी तीच पानं लागतात म्हणून ती परत आणावी लागतात. स्वयंपाक चालू असताना ओटा मोकळा दिसावा म्हणून मीठ, तिखट, तेल सगळं माळ्यावर टाकण्यासारखं आहे ते. रिकाम्या मेमरीचा तुम्हाला काही फायदा नाही. त्याच पानावर ‘कॅश्ड’ असा आकडा दिसतो, ती विंडोजने पुढे लागेल म्हणून भरून ठेवलेली मेमरी आहे आणि कुणी मागितली की विंडोज ती लगेच सोडून देतं. भाच्यावर रागावू नका. टास्क मॅनेजर उघडायला त्यानेच शिकवलं, तेवढ्यासाठी त्याला एकदा सराफ्यात खायला घेऊन जा.

‘सर्व्हिस होस्ट’ साठ वेळा दिसतो त्याचं कारण तुमचे चार जीबीच आहेत. विंडोजच्या लहानमोठ्या सेवा, म्हणजे पडद्यामागची कामं, पूर्वी एकेका होस्टमध्ये (त्यांना चालवणाऱ्या प्रोसेसमध्ये) गटागटाने बसायच्या. २०१७ च्या आवृत्तीपासून, साडेतीन जीबीहून जास्त रॅम असलेल्या मशीनवर बहुतेक सेवांना स्वतंत्र होस्ट दिला जातो. एक कोलमडली तर शेजारची वाचावी म्हणून. शंका आलीच तर नावावर उजवं क्लिक करून ‘ओपन फाईल लोकेशन’ करा. खरा सर्व्हिस होस्ट (फाईलचं नाव ‘svchost’) विंडोजच्या ‘सिस्टम ३२’ फोल्डरमध्ये असतो. नावात एखादं अक्षर इकडेतिकडे आहे किंवा फाईल डाउनलोड्समधून निघाली, तर मात्र पुढचं काम सोडून अँटीव्हायरसची पूर्ण तपासणी लावा.

आता दुपारच्या पंख्याचं. मला तुमची भीती समजते, कारण आपण उठल्यावर घरात आवाज यावा आणि पाऊल वाजताच थांबावा, असंच ते आहे. विंडोजची देखभालीची कामं ठरलेली असतात आणि त्यांची मूळ वेळ रात्री २ ची असते. तुमचा लॅपटॉप त्या वेळी बंद. मग ही कामं तुम्ही उठून जाण्याची वाट बघतात. तुम्ही जेवायला गेलात की तपासणी, सूची, आवराआवर सुरू होते, आणि माऊस हलला की ती आपणहून बाजूला होते. तुमची गैरसोय होऊ नये म्हणूनच ती तशी बांधलेली आहे.

तरीही हे मी सांगते म्हणून मानू नका, कारण दुसरी शक्यताही खरी आहे. दुसऱ्याच्या मशीनवर लपून, त्याचा प्रोसेसर राबवून परक्यासाठी आभासी चलन खणणारे (म्हणजे कमावणारे) प्रोग्रॅम असतात, आणि त्यातले काही टास्क मॅनेजर उघडला की थांबतात. मग पकडायचं कसं? वीज किती जळली ते बघायला आपण दिवसभर मीटरसमोर उभे राहत नाही, आधीचं आणि नंतरचं रीडिंग घेतो. इथेही तसंच मीटर आहे. ‘डिटेल्स’ टॅबवर जा, कुठल्याही मथळ्यावर उजवं क्लिक करून ‘सिलेक्ट कॉलम्स’ निवडा आणि ‘सीपीयू टाइम’वर खूण करा. प्रत्येक प्रोसेसने सुरू झाल्यापासून प्रोसेसरचा एकूण किती वेळ घेतला ते तास-मिनिटं-सेकंदांत दिसेल. तो मथळा क्लिक करून मोठे आकडे वर घ्या, मोबाईलवर फोटो काढा, टास्क मॅनेजर बंद करा आणि जेवायला जा. आल्यावर पुन्हा उघडून दुसरा फोटो. ज्याचा आकडा वाढला तो तुमच्या पाठीमागे राबत होता. पहारेकरी किंवा सूची करणारा निघाला तर निश्चिंत राहा. ओळखीचं नाव नाही आणि मीटर वीस मिनिटांनी पुढे सरकलंय, तर तोच तो लपलेला चोर. सिस्टम आयडलचा आकडा सगळ्यात मोठा असेल, तो सोडून द्या, त्याच्याशी आता तुमची ओळख झाली आहे.

एक गोष्ट मात्र पुन्हा करू नका. ज्या इशाऱ्याला तुम्ही हो म्हटलंत, तो विंडोजचा कळकळीचा इशारा होता: ही प्रोसेस बंद केली तर मशीन वापरता येणार नाही किंवा बंद पडेल. ‘प्रोसेसेस’ टॅबवर यादी तीन गटांत असते: ॲप्स, बॅकग्राउंड प्रोसेसेस आणि विंडोज प्रोसेसेस. तुमचा अधिकार पहिल्या गटावर. तिथलंही एखादं ॲप अडकलं तर आधी त्याच्याच फुलीने बंद करून बघा, दोन मिनिटं द्या, डिस्क दमलेली आहे हे लक्षात ठेवा, आणि मगच ‘एंड टास्क’. कारण एंड टास्क ‘सेव्ह करू का?’ असं विचारत नाही. तिसऱ्या गटात एकालाच हात लावायचा, ‘विंडोज एक्सप्लोरर’ला. खालची पट्टी किंवा फोल्डर गोठले तर त्याला निवडून ‘रीस्टार्ट’ करा, उघडे फोल्डर बंद होतील, पण तुमची बाकीची उघडलेली कामं तशीच राहतात.

उन्हाळ्याबद्दल थोडंसं. आपल्याकडे मे महिन्यात पारा चाळिशीच्या वर जातो आणि लॅपटॉप गादीवर ठेवलेला असतो. ‘परफॉर्मन्स’मध्ये सीपीयूचा ‘स्पीड’ आणि शेजारचा ‘बेस स्पीड’ (त्याचा ठरलेला मूळ वेग) ताडून बघा. वापर ९०-१०० टक्के असताना स्पीड बेसच्याही खूप खाली घसरलेला असेल, तर प्रोसेसर तापून स्वतःला आवरतो आहे. पंख्यातली आठ वर्षांची धूळ साफ करून घ्या आणि लॅपटॉप पाटावर ठेवा.

आता वहीचं. मुलांच्या उरलेल्या वहीचं एक पान पुरे. दिवसातून तीन वेळा, सुरू केल्यावर दहा मिनिटांनी, काम सुरळीत चालू असताना, आणि अडकेल तेव्हा, असे चार आकडे लिहा: सीपीयू, मेमरी, डिस्क, आणि डिस्कच्या पानावरचा ‘ॲव्हरेज रिस्पॉन्स टाइम’. शेजारी यादीत सगळ्यात वर असलेलं नाव. आठ दिवसांत तुम्हाला न विचारता कळायला लागेल की तुमच्या मशीनला मेमरी ७० टक्के म्हणजे नेहमीचंच आहे, आणि मंगळवारी जे झालं ते वेगळं होतं.

रिस्पॉन्स टाइमकडे मी मुद्दाम लक्ष वेधते आहे. माझ्या थोरल्या भावाच्या कॉम्प्युटरला अशीच धाप लागायची. एका दुकानाने काहीही न तपासता फॉर्मॅट मारलं. गणेशोत्सव मंडळाचे बारा वर्षांचे हिशेब त्यात होते, ते गेले. आठवड्याने मशीन पुन्हा तसंच. मग मी जाऊन बसले आणि बघितलं, तर काही विशेष काम चालू नसताना रिस्पॉन्स टाइम अडीच-तीन हजार मिलिसेकंद. एक कागद आणायला तीन सेकंद. ती डिस्कच मरणपंथाला लागलेली होती, आणि फॉर्मॅटने ती सुधारणार नव्हती. तो आकडा आधी कुणी बघितला असता तर हिशेब वाचले असते, याची चुटपुट मला अजून आहे. तुमच्या वहीत हा आकडा पुन्हा पुन्हा हजाराच्या वर दिसला, तर आठ दिवस थांबू नका.

खर्चाचं बोलू. डिस्क एचडीडी निघाली, आणि वहीत रोज सकाळी डिस्क १०० आणि सीपीयू रिकामा असंच येत राहिलं, तर एसएसडी बसवून घेणं हा या लॅपटॉपवरचा सगळ्यात सार्थकी लागणारा खर्च आहे, आणि तो नव्या लॅपटॉपपेक्षा पुष्कळ कमी. हार्ड फॉल्ट्सही जास्त असतील तर रॅम वाढवायची. जागा आहे का ते मेमरीच्या पानावर ‘स्लॉट्स युज्ड’पुढे दिसतं. ‘२ पैकी १’ असं असेल तर एक जागा रिकामी आहे. दुकानात जाताना वही न्या आणि एवढंच विचारा, ‘भैया, कौन सा नंबर देखकर बता रहे हो?’ जो आकडा दाखवून बोलेल त्याच्याकडून काम करून घ्या.

आणखी एक बाजू लपवणं बरोबर नाही. विंडोज १० ला मायक्रोसॉफ्टने दिलेला नेहमीचा आधार १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. विंडोज ११ ला, प्रोसेसर इंटेलचा असेल तर, साधारण आठव्या पिढीपासूनचा लागतो, आणि आठ वर्षांपूर्वीचे लॅपटॉप अगदी उंबरठ्यावर आहेत. मायक्रोसॉफ्टचं ‘पीसी हेल्थ चेक’ हे मोफत ॲप तुमचा लॅपटॉप आत बसतो की नाही ते सांगेल. बसत नसेल तर बँकेचे व्यवहार त्यावर करू नका. पत्रिकांचं काम मात्र तो अजून काही वर्षं करेल.

(मॅक वापरणाऱ्यांनी असंच ‘ॲक्टिव्हिटी मॉनिटर’मध्ये बघावं, लिनक्सवाल्यांनी ‘टॉप’ किंवा ‘एचटॉप’मध्ये. नावं वेगळी, नाडी बघण्याची रीत तीच.)

ताई, आज रात्री शट डाउनऐवजी रीस्टार्ट करा, ते क्लीनर काढा, आणि उद्यापासून वही. आणि लॅपटॉप कुणाच्याही हाती देण्याआधी पत्रिकांचं पूर्ण फोल्डर आणि तुमचे मराठी फॉन्ट पेनड्राइव्हवर उतरवा. मग तो पेनड्राइव्ह भाच्याच्या मशीनला लावून त्या मुंजीची पत्रिका उघडून बघा, अक्षरं जशीच्या तशी उमटतात का ते.